रत्नागिरीच्या किल्ल्यातला भाऊ

रत्नदुर्ग घोड्याच्या नालेसारखा समुद्रात शिरला आहे. तिन्ही अंगांना पाणी, खाली मिरकरवाडा बंदरातल्या होड्या, एका टोकाला दीपगृह आणि बालेकिल्ल्यात भगवतीचं देऊळ. नवरात्रात इथे पाय ठेवायला जागा नसते. एरवी संध्याकाळी सूर्य बुडताना पाहायला माणसं येतात, कठड्याशी उभी राहतात आणि अंधार पडायच्या आत उतरतात. अडीचशे वर्षांपूर्वी याच किल्ल्यात एक कैदी होता, हे त्यातल्या फार थोड्यांना ठाऊक असतं. त्या कैद्याचं म्हणणं होतं की आपण पानिपतावर हरवलेले मराठी फौजेचे सेनापती सदाशिवराव भाऊ आहोत.

एके दिवशी त्याचं हे म्हणणं किल्ल्याबाहेर पडलं आणि काही महिन्यांत कोकणचा मोठा भाग त्याच्यामागे उभा राहिला. मराठी इतिहास त्याला ‘भाऊसाहेबांचा तोतया’ म्हणतो. ‘तोतया’ हा शब्द आपण आजही रोज वापरतो. तोतया पोलीस, तोतया डॉक्टर, तोतया आयकर अधिकारी अशी बातमी वर्तमानपत्रात आठवड्याला एक तरी असते. त्या वाचताना आपण म्हणतो, माणसं फसलीच कशी? रत्नागिरीच्या कैद्याची हकीगत या प्रश्नाचं उत्तर देते, आणि ते उत्तर फसवणाऱ्यापेक्षा फसणाऱ्यांबद्दल जास्त सांगतं.

धड सापडलं, डोकं नव्हतं

१४ जानेवारी १७६१. पानिपतच्या रणात दुपारनंतर पेशव्यांचे थोरले चिरंजीव विश्वासराव यांना गोळी लागली आणि भाऊ हत्तीवरून उतरून घोड्यावर बसले. त्यानंतर गर्दीत शिरलेले भाऊ ज्यांनी पाहिले, त्यांतले फार थोडे परत आले. पुण्याला बातमी पोहोचली ती तुकड्यातुकड्यांनी. दोन मोत्यं गेल्याचा सावकारी भाषेतला निरोप सगळ्या महाराष्ट्राला माहीत आहे. त्यातलं एक मोती विश्वासराव, याबद्दल शंका उरली नाही. दुसऱ्या मोत्याबद्दल मात्र उरली.

शंका उरायला कारण होतं. अयोध्येचा नवाब शुजाउद्दौला याच्या पदरी काशीराज पंडित नावाचा दक्षिणी ब्राह्मण कारकून होता. लढाईनंतर प्रेतांमध्ये भाऊंचा शोध घेणाऱ्यांत तो होता, आणि पुढे त्याने फारसीत सगळी हकीगत लिहून ठेवली. त्याच्या सांगण्याप्रमाणे जे प्रेत भाऊंचं म्हणून ओळखलं गेलं, त्याला डोकं नव्हतं. डोकं नंतर एका अफगाण शिपायाकडून मिळवावं लागलं. मग डोकं नसताना ओळख पटली कशावरून? पाठीवर खंजिराच्या जुन्या जखमेची खूण होती. पानिपताच्या स्वारीआधी मुझफ्फरखान गारद्याच्या कटातून भाऊंवर हल्ला झाला होता, त्यातली ती जखम. आणि दुसरी खूण त्याहून बोलकी होती. भाऊ रोज बाराशे सूर्यनमस्कार घालत. त्या प्रेताच्या गुडघ्यांवर आणि हातांवर तसे घट्टे होते.

हे वर्णन वाचताना मी दर वेळी घट्ट्यांपाशी थांबतो. राजेरजवाड्यांच्या पोशाखावरून, दागिन्यांवरून माणूस ओळखायची जगाला सवय. इथे दागिने लुटले गेलेले, शीर तुटलेलं. उरली ती फक्त माणसाची रोजची सवय, कातडीवर उमटलेली. चेहरा दुसऱ्या कुणाचा तरी आपल्यासारखा असू शकतो. हजारो दिवसांच्या सूर्यनमस्कारांचे घट्टे उसने आणता येत नाहीत.

त्या देहाचं दहन झालं. पण ते झालं दूर, पंजाबच्या वाटेवर, परक्यांच्या छावणीत. पुण्यातल्या घरच्या माणसाने ते पाहिलं नाही. आणि ज्या व्यक्तीच्या शब्दाला या बाबतीत सगळ्यात जास्त वजन होतं, तिने ते मानलं नाही. भाऊंच्या पत्नी पार्वतीबाई स्वतः पानिपतावर होत्या. त्या वाचल्या, हालअपेष्टा सोसत दक्षिणेत परतल्या आणि शनिवारवाड्यात सवाष्ण म्हणूनच राहिल्या. कपाळावरचं कुंकू त्यांनी पुसलं नाही. पेशव्यांच्या घरातली थोर स्त्री कुंकू लावते, याचा अर्थ बाहेरच्या जगाने काय घ्यायचा? भाऊ मेलेले नाहीत, ते कुठेतरी आहेत, आणि कुठेतरी असलेला माणूस परत येऊ शकतो.

तोतयासाठी जागा तयार झाली ती अशी. ती त्याने स्वतः केली नव्हती.

एकदा निकाल लागला होता

१७६० च्या दशकाच्या मध्यात उत्तरेकडे, बुंदेलखंडाच्या बाजूला, एक माणूस आपण भाऊ असल्याचं सांगू लागला. चेहऱ्यामोहऱ्याने तो भाऊंसारखा दिसत असे. तो कनोजी ब्राह्मण होता. त्याचं नाव बहुतेक ठिकाणी सुखनिधान असं येतं, काही ठिकाणी सुखलाल. त्याला पकडून माधवराव पेशव्यांपुढे आणण्यात आलं, चौकशी झाली आणि तो खोटा ठरला. माधवरावांनी त्याचा जीव घेतला नाही. एका किल्ल्यातून दुसऱ्या किल्ल्यात त्याची कैद फिरत राहिली आणि अखेर तो रत्नागिरीला आला.

खरं तर प्रकरण इथे संपायला हवं होतं. पण असा निकाल टिकतो तो निकाल देणाऱ्याच्या वचकावर. १८ नोव्हेंबर १७७२ ला थेऊरला माधवराव गेले. ३० ऑगस्ट १७७३ ला शनिवारवाड्यात त्यांचा धाकटा भाऊ नारायणराव मारला गेला. ज्या घराने त्या माणसाला खोटं ठरवलं होतं, त्या घराचीच घडी विस्कटली.

दोन गाद्या, तीन शंका

१७७६ साली मराठी राज्यात सर्वांत वर कोण बसलं होतं, ते पाहा.

साताऱ्याला छत्रपती होते रामराजे. त्यांची कथा तोतयाच्या कथेच्या उलट्या बाजूसारखी आहे. शाहू महाराजांना मूल नव्हतं. त्यांच्या अखेरच्या काळात त्यांच्या चुलती ताराबाईंनी सांगितलं की आपला एक नातू लहानपणापासून लपवून वाढवलेला आहे. शाहूंनी ते मानलं, डिसेंबर १७४९ मध्ये ते वारले आणि त्यांच्यामागे रामराजे गादीवर आले. पुढे सत्तेच्या दोऱ्या आपल्या हाती राहत नाहीत असं दिसताच ताराबाईंनी त्याच नातवाला साताऱ्याच्या किल्ल्यात कैद केलं आणि हा आपला नातूच नव्हे, असं म्हणू लागल्या. १७५२ मध्ये जेजुरीला खंडोबापुढे त्यांनी तशी शपथ घेतली. ज्या आजीच्या शब्दावर मुलगा छत्रपती झाला, तिच्याच शपथेने तो कुणाचाच उरला नाही. तरीही तो गादीवर राहिला, कारण पेशव्यांना छत्रपती हवा होता आणि तो असाच, बंद किल्ल्यातला, सोयीचा होता. १७७७ मध्ये त्यांचा मृत्यू होईपर्यंत ते छत्रपतीच होते.

पेशवेपदावर होते सवाई माधवराव. वय दोन वर्षं. नारायणरावांच्या खुनानंतर त्यांच्या गरोदर पत्नी गंगाबाईंना कारभाऱ्यांनी पुरंदरावर नेलं, सोबतीला पार्वतीबाईच होत्या. १८ एप्रिल १७७४ ला मुलगा झाला आणि चाळिसाव्या दिवशी त्याला पेशवाईची वस्त्रं मिळाली. नारायणरावांचे चुलते राघोबादादा यांच्या पक्षाने लगेच कुजबुज सुरू केली: पुरंदरावर आणखीही गरोदर बायका ठेवल्या होत्या, मुलगी झाली असती तर मूल बदललं असतं, हा मुलगा नारायणरावांचा कशावरून? दादांनी इंग्रजांशी सुरतेला तह केला होता. १ मार्च १७७६ ला कर्नल अप्टनने कारभाऱ्यांशी पुरंदरचा तह केला. पण कुजबुज तहाने थांबत नाही.

म्हणजे छत्रपती आपल्या आजीच्या शपथेने खोटे ठरलेले, आणि पेशव्यांचं पितृत्व त्यांच्या चुलतआजोबांच्या माणसांनी वादात ओढलेलं. अशा राज्यात रत्नागिरीचा कैदी म्हणतो की मी भाऊ आहे. त्याला वेडा कोणत्या तोंडाने म्हणायचं? वरच्या दोन माणसांची ओळख जर पुराव्यापेक्षा सोयीवर उभी असेल, तर तिसऱ्याची का नसावी? राज्यकर्त्या घराने स्वतःच्या माणसांच्या ओळखीशी खेळ केला की लोकांच्या मनातला खऱ्याखोट्याचा काटा हलतो. मग तो कुणालाही आपल्या बाजूला झुकवता येतो. भाऊसाहेबांच्या तोतयाचं प्रकरण म्हणून मला एका माणसाच्या लबाडीचं वाटत नाही. पंचवीसहून अधिक वर्षं वरच्या वर्गाने जे केलं, त्याची ती परतफेड होती.

दरवाजा उघडतो

रत्नागिरीचा सुभेदार तेव्हा रामचंद्र नाईक परांजपे होता. १७७६ च्या फेब्रुवारीत त्याने कैद्याला कोठडीबाहेर काढलं आणि भाऊसाहेब म्हणून त्याला मुजरा केला.

या एका कृतीने काय बदललं, हे नीट समजून घेतलं पाहिजे. कोठडीतला माणूस स्वतःला भाऊ म्हणत होता तोवर ती एका कैद्याची बडबड होती. सरकारी सुभेदार मुजरा करतो तेव्हा तिला शिक्का मिळतो. किल्ल्याचा शिपाई सुभेदाराकडे पाहतो, शेजारच्या किल्ल्याचा किल्लेदार रत्नागिरीकडे पाहतो, गावचा खोत किल्लेदाराकडे पाहतो. प्रत्येक जण आपल्या वरच्याने खात्री केली असेल असं धरून चालतो आणि सगळ्यात वरच्याने ती केलेलीच नसते. आजचे तोतये हीच शिडी वापरतात. सोबत अंगरक्षक, एखाद्या पुढाऱ्याशेजारी काढलेला फोटो. पहिली सलामी मिळाली की पुढच्या आपोआप मिळतात.

इतिहासकार ग्रँट डफने त्याच्याभोवती जमलेल्या फौजेचा आकडा वीस हजार दिला आहे. कोकणातले किल्ले एकामागून एक त्याच्या बाजूला गेले आणि त्याची माणसं बोरघाटापर्यंत येऊन भिडली. घाट चढला की पुणं.

हे वीस हजार लोक सगळे भोळे होते का? मुळीच नाही. त्यांचे गट पाडून पाहिले की चित्र स्पष्ट होतं. काहींच्या घरातला माणूस पानिपताहून परतला नव्हता. भाऊ परत येऊ शकतात, तर आपला माणूसही येऊ शकतो, ही आशा त्यांना सोडवत नव्हती. काहींना पुण्याच्या कारभाऱ्यांचा राग होता आणि त्यांच्याविरुद्ध उभं राहायला एक मोठं नाव हवं होतं. काही नुसते वारा पाहून वळले. भाऊ खरे असतील तर आज बरोबर असणाऱ्याला उद्या जहागीर, आणि खोटे निघाले तर आपणही फसलो होतो असं म्हणायला वाट. त्यांच्यापैकी ज्यांना खात्रीने माहीत होतं, त्यांनाही ‘खरं काय’ हा प्रश्न विचारण्यात लाभ नव्हता. प्रत्येकाची गरज वेगळी आणि सगळ्या गरजा एकाच चेहऱ्यावर येऊन थांबलेल्या.

ज्यांनी भाऊंना पाहिलं होतं

बंड मोडायला पुण्याहून महादजी शिंदे निघाले, आणि कारभार चालवत होते नाना फडणीस. हे दोघेही पानिपताहून जिवंत परतलेले. महादजींचा पाय तिथेच कायमचा अधू झाला. नाना तेव्हा अठरा वर्षांचे होते, आई त्यांनी त्याच धामधुमीत गमावली आणि ती पळापळ आपल्या आत्मचरित्रात लिहून ठेवली. भाऊ कसे दिसत, कसे बोलत, कसे रागावत, हे त्यांना कुणी सांगायची गरज नव्हती. कोकणातल्या ज्या हजारोंनी मुजरे केले, त्यांतल्या बहुतेकांनी खऱ्या भाऊंना कधी पाहिलं नसणार. दूरच्यांनी मान्य केलं आणि जवळच्यांनी नाकारलं. तोतयाच्या प्रकरणात नेहमी असंच होतं असं नाही, पण पहिला प्रश्न विचारायचा तो हाच: ओळखलं असं म्हणणाऱ्यांपैकी आधी पाहिलं होतं कुणी?

महादजींच्या फौजेपुढे तोतयाची गर्दी टिकली नाही. तो समुद्राकडे पळाला, मुंबईच्या रोखाने. कुलाब्याच्या राघोजी आंग्र्यांनी त्याला पकडलं आणि पुण्याच्या हवाली केलं.

पुण्याला आणल्यावर त्याला गुपचूप संपवणं सोपं होतं. तसं केलं असतं तर मात्र खरे भाऊ कारभाऱ्यांनी मारले, ही दंतकथा आणखी शंभर वर्षं चालली असती. म्हणून पंचांपुढे चौकशी झाली. भाऊंना ओळखणाऱ्यांना बोलावलं गेलं, त्याची खरी कुळकथा बाहेर आली, आणि तो सुखनिधान आहे हे ठरल्यावरच त्याला देहान्त शिक्षा झाली. तो १७७६ चा डिसेंबर होता. ज्यांनी त्याची बाजू घेतली होती त्यांच्यावरही कारवाई झाली. प्रश्न त्याच्या पंगतीला जेवलेल्यांचाही होता, कारण त्या काळी पंगत हेच माणसाचं ओळखपत्र होतं. कोण कुणाशेजारी जेवतो, यावर त्याची जात, कूळ आणि जागा ठरत असे. त्यामुळे खोट्या नावाने पंगतीला बसलेला माणूस नुसता राज्याचा गुन्हेगार राहिला नाही, त्याच्यासोबत जेवलेल्या प्रत्येकाच्या घरात तो प्रश्न होऊन शिरला.

पुढे न. चिं. केळकरांनी या प्रकरणावर ‘तोतयाचे बंड’ हे नाटक लिहिलं आणि रत्नागिरीचा कैदी मराठी रंगभूमीवर उभा राहिला.

जगातली मोठी घरं

याच वेळी रशियात काय चाललं होतं, ते पाहिलं की थक्क व्हायला होतं. पानिपतानंतर दीड वर्षाने, १७६२ मध्ये, झार तिसरा पीटर पदच्युत होऊन मारला गेला. त्याची पत्नी कॅथरीन राज्यावर आली. १७७३ मध्ये पुगाचोव्ह नावाचा एक कोसॅक आपण पीटर असल्याचं सांगत उठला आणि हजारो शेतकरी त्याच्यामागे गेले. जानेवारी १७७५ मध्ये मॉस्कोत त्याचा शिरच्छेद झाला. रत्नागिरीचा दरवाजा उघडायला तेव्हा जेमतेम वर्ष उरलं होतं. दोघांना एकमेकांची गंधवार्ताही नव्हती. पण दोन्हीकडे एक राजपुरुष अचानक नाहीसा झालेला, त्याचा मृत्यू लोकांच्या डोळ्यांसमोर न झालेला आणि मागे राहिलेल्या सत्तेवर लोकांचा विश्वास नसलेला. एवढं जमलं की तोतया उगवतोच, मग प्रांत कुठलाही असो.

परत आलेला प्रत्येक जण खोटाच असतो, असं मात्र धरून चालता येत नाही. बंगालमध्ये भवालच्या जमीनदार घराण्यातला दुसरा कुमार १९०९ मध्ये दार्जिलिंगला वारल्याचं जाहीर झालं होतं. दहाबारा वर्षांनी ढाक्याला एक संन्यासी आला आणि लोक त्याला कुमार म्हणून ओळखू लागले. कुमाराच्या पत्नीने नाकारलं, बहिणीने मान्य केलं. खटल्यात हजाराहून जास्त साक्षीदार झाले, अंगावरच्या खुणा एकेक करून तपासल्या गेल्या, आणि १९३६ मध्ये न्यायाधीश पन्नालाल बसू यांनी निकाल दिला की संन्यासी हाच कुमार. लंडनच्या प्रिव्ही कौन्सिलने १९४६ मध्ये तो निकाल कायम केला, आणि त्यानंतर काही दिवसांतच तो माणूस वारला. भवालला पत्नीने नाकारलं तरी खुणा आणि साक्षी जिंकल्या. पुण्याला पत्नीच्या कुंकवाने लोकांची आशा जिवंत ठेवली, पण साक्षींनी ती टिकू दिली नाही. दोन्हीकडे सत्य सापडलं ते उघड्यावर, सर्वांसमोर, संयमाने केलेल्या चौकशीतून.

त्याच गावातली राजकन्या

रत्नागिरीने ओळखीची आणखी एक गोष्ट पाहिली आहे. १८८६ मध्ये इंग्रजांनी ब्रह्मदेशाचा पदच्युत राजा थिबा याला इथे आणून ठेवलं. तीस वर्षं तो इथेच राहिला आणि १९१६ मध्ये इथेच वारला. त्याच्या थोरल्या मुलीला इथल्या एका मराठी नोकरापासून मुलगी झाली, तिचं नाव टूटू. ती रत्नागिरीतच वाढली, मराठी बोलली, इथेच लग्न करून गरिबीत संसार केला आणि २००० साली वारली.

ब्रह्मदेशच्या राजघराण्याचं रक्त तिच्या अंगात होतं. त्याबद्दल कुणाला शंकाही नव्हती. पण तिच्यामागे एक माणूसही उभा राहिला नाही, कारण तिच्या राजकन्या असण्याची कुणालाच गरज नव्हती. आणि याच गावातल्या किल्ल्यात ज्याच्या अंगात पेशव्यांच्या रक्ताचा थेंबही नव्हता, त्याच्यामागे वीस हजार गेले. माणूस कोण आहे हे आपण त्याच्याकडे पाहून ठरवतो, असं आपल्याला वाटतं. पुष्कळदा आपण ते आपल्या गरजेकडे पाहून ठरवतो. ही गोष्ट स्वतःशी कबूल करणं अवघड आहे, म्हणूनच तोतयाचा धंदा चालतो.

उत्तरक्रिया

डिसेंबर १७७६ नंतरही पार्वतीबाईंनी कुंकू पुसलं नाही. एक माणूस खोटा ठरला म्हणून त्यांचे भाऊ मेले, असं त्यांनी मानलं नाही. त्यांच्यावर कुणी बळजबरी केली नाही, याबद्दल मला त्या घराविषयी आदर वाटतो. कारभाऱ्यांना बंड मोडायचं होतं, एका बाईची आशा मोडायची नव्हती.

१७८३ मध्ये पार्वतीबाई वारल्या. त्यांच्यासोबतच सदाशिवराव भाऊंची उत्तरक्रिया करण्यात आली, पानिपतानंतर बावीस वर्षांनी. पंचांचा निकाल, फौजेचा विजय, तोतयाचा अंत यांपैकी कशानेही भाऊंचा मृत्यू पूर्ण झाला नव्हता. घरच्या माणसाने निरोप घेतला तेव्हा तो झाला. त्या दिवसानंतर शनिवारवाड्यात कुणी भाऊंची वाट पाहत नव्हतं, आणि कुणी भाऊ म्हणून दारात उभा राहिला असता तरी त्याला आत घ्यायला जागा उरली नव्हती.